फोटोतून कापलेला माणूस

सकाळपासून एकच फोटो तीन ग्रुपवर आला. गोंदिया जिल्ह्यातला एक तलाव. मागे सागाचा डोंगर, मधे पाणी, पाण्यावर गोल पानं, पानांवरून चालणारा कमळपक्षी आणि काठाला फिकट गुलाबी-जांभळ्या फुलांचा भलामोठा ताटवा. वर ओळ, "माणसाचा हात न लागलेला निसर्ग". खाली कोणीतरी लिहिलंय, "आजूबाजूची गावं उठवली तरच हे टिकेल." त्यावर बदामांचा पाऊस. बदाम टाकणारे सगळे आपलेच लोक, झाडं लावणारे, नाग नदीसाठी मोर्चात चालणारे. म्हणून जास्त लागलं.

ज्याने फोटो काढला त्याने आधी तो पूर्ण टाकला होता. त्यात उजव्या कोपऱ्यात कमरेएवढ्या पाण्यात एक ढिवर, म्हणजे मासेमारी करणाऱ्या समाजाचा माणूस, उभा आहे, हातात जाळं. फिरणाऱ्या फोटोत तो नाही. कोणीतरी त्याला कापून काढलं आणि मग "माणसाचा हात न लागलेला" असं लिहिलं.

तर भाऊ, हा फोटो नीट पाहू.

पाण्याच्या मागे जी सरळ हिरवी रेघ दिसते ती टेकडी नाही, ती पाळ आहे. माती टोपल्यांनी वाहून, थर देऊन, तुडवून बांधलेली. डाव्या अंगाला पाण्यात उतरणारे दगड दिसतात ते तुडुम. पायऱ्यापायऱ्यांचं बांधकाम, पायरीला भोक, भोकात लाकडी खुंटा. पाणी सोडायचं तर सगळ्यात वरचा, नुकता पाण्याखाली असलेला खुंटा आधी काढायचा, कारण तिथे दाब कमी असतो आणि खुंटा परत बसवता येतो. पातळी उतरली की खालचा. पहिल्याच दिवशी तळाचा खुंटा उपसला तर तो बंद करायला माणूस बुडी मारूनही हरतो. पाळीच्या दुसऱ्या टोकाला जिथून जास्तीचं पाणी निघून जातं ती सलंग. तुडुमापासून नहर, नहरेपासून पाट, पाटापासून बांध्या, म्हणजे बांध घातलेली धानाची शेतं. पाणी कोणाच्या बांधीत कधी जाईल हे पाहणारा पाणकर.

पूर्व विदर्भात असे सहा हजारांवर तलाव आहेत. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली, आणि थोडे आपल्या नागपूर जिल्ह्यातही. सरकारी कागदावर माजी मालगुजारी तलाव, म्हणजे पूर्वी मालगुजारांच्या, गावच्या जमीनदारांच्या ताब्यातले. बोलण्यात मामा तलाव. गोंड राजांच्या काळात कोहळी समाजाने यातले पुष्कळ बांधले. तलाव बांधील त्याला तलावाखालची जमीन, असा चांद्याच्या, म्हणजे आजच्या चंद्रपूरच्या, गोंड राजांचा कायदा होता असं सांगतात. कोहळ्यांनी तलावाच्या भरवशावर धान काढलं, ऊस काढला. नवेगावबांध, ज्याला आपण राष्ट्रीय उद्यान म्हणून ओळखतो आणि हिवाळ्यात पक्षी पाहायला गाड्या काढतो, तो बांध कोलू पाटील कोहळी यांनी बांधला म्हणतात. नावातच 'बांध' आहे. उद्यान 1975 चं, बांध त्याच्या कितीतरी आधीचा. पक्षी आले ते बांधावर आले.

मग हात न लागलेलं नेमकं काय आहे या फोटोत?

ती फुलं तरी? ज्या ताटव्यावर सगळे भाळलेत ती बेशरम आहे. उष्ण कटिबंधातल्या अमेरिकेतली वनस्पती, आपल्याकडे कुंपणाला आणि काठ धरायला लावली गेली. म्हणजे तीही माणसानेच आणलेली. गुरं तोंड लावत नाहीत, शेळीने सवयीने खाल्ली तर ती डोलायला लागते आणि मरते. कोयत्याने छाटली तर प्रत्येक तुकडा ओल्या मातीत पडून पेराला मुळं फोडतो, म्हणून छाटणीची मोहीम घेतली की पुढच्या वर्षी दुप्पट बेशरम उभी राहते. ती काठ खाते. उथळ पाण्यात जिथे पाणवनस्पती वाढायच्या, मासे अंडी घालायचे, पाणपक्षी चरायचे, तिथे ती भिंत करून उभी राहते आणि मधे गाळ धरते. त्या फोटोत तलाव आजारी आहे आणि आपण आजाराला बदाम दिलेत.

हा आजार आला कसा? 1950 च्या कायद्याने मालगुजारी गेली आणि तलाव सरकारजमा झाले. गेली ते चांगलंच झालं, हे आधीच लिहितो, कारण कमेंटमध्ये कोणीतरी येईलच. मालगुजारीत वेठ होती, जात होती, घाटावर कोणी पाणी भरायचं आणि कोणी लांब थांबायचं हे ठरलेलं होतं. ते दिवस परत नकोत. पण मालगुजाराबरोबर तलावाची कामंही गेली. दरवर्षी पाळीला माती चढवणं, बीळ पडलं तर बुजवणं, नहर उपसणं, सलंगेचे निखळलेले दगड बसवणं, उन्हाळ्यात गाळ काढून शेतात नेणं. लोकांचे हक्क निस्तार पत्रकात, म्हणजे गावाच्या वापरहक्कांच्या नोंदीत, लिहिलेले राहिले, कामाची जबाबदारी मात्र पाटबंधारे खातं आणि जिल्हा परिषद यांच्यामध्ये कुठेतरी अडकली. माणूस तलावातून निघाला आणि बेशरम आत आली. 'गावं उठवा' म्हणणाऱ्यांनी हा क्रम नीट पाहावा. प्रयोग आधीच होऊन गेलाय.

यावर आपला शहरी उपाय म्हणजे जेसीबी. इथे माझा खरंच संताप होतो. तलावाचा तळ म्हणजे मातीचा ढीग नाही. तळाशी चिकणमातीचा थर बसलेला असतो, तोच पाणी धरतो. त्याच्याखाली मुरूम. मशीनवाल्याला पैसे घनमीटरवर, तो थांबणार कशाला? थर फोडून मुरूम उघडा पाडला की पाणी खाली झिरपतं आणि तलाव कितीतरी आधी आटतो. वरचा गाळ जातो तेव्हा त्यातलं बी, कंद, मुळंही जातात. शिवाय मशीन खड्डे करते, उभ्या काठांचे. बगळा उभ्या काठावर उभा राहू शकत नाही. कमळपक्ष्याला पसरलेली पानं लागतात, सारसाला उथळ चिखल. गाळ काढायचाच तर वरवर खरवडून, सगळीकडे सारखा, काठाचा उतार तसाच ठेवून, आणि एक बाजू पूर्ण सोडून, म्हणजे तिथल्या मुळांवरून बाकी तलाव परत भरतो. गाळ शेताला सोनं आहे, मान्य. पण सगळं सोनं एका उन्हाळ्यात काढलं की तलाव राहत नाही.

आणि सलंग उंचावणं. "थोडं सिमेंट वर चढवलं की पाणी वाढेल." पाणी वाढतं, वरच्या अंगाच्या बांध्या बुडतात. खाली सरळ सिमेंटची भिंत उभी राहते. पहिल्या मोठ्या पावसात मासे वाहत्या पाण्याच्या उलट चढतात, उथळ बांध्यांत अंडी घालायला. दगडांच्या उतरत्या सलंगेवरून ते चढायचे. उभ्या भिंतीखाली थडकून तिथेच गोळा होतात आणि पोत्यात जातात.

आता त्या कापलेल्या माणसाकडे येते.

तो ढिवर आहे, आणि तलावात काय उरलंय आणि काय गेलंय हे त्याला पायाने कळतं. भंडारा-गोंदियात मनीष राजनकर, पतिराम तुमसरे यांनी ढिवरांच्या मच्छीमार संस्थांबरोबर आणि शालू कोल्हे यांनी तिथल्या बायकांबरोबर जे काम उभं केलं ते या पायाच्या ज्ञानावर उभं आहे. पद्धत ऐका, कारण ही कोणत्याही शहरी तलाव समितीला पाठ हवी.

एप्रिल-मेमध्ये पाणी मागे सरकलं की बेशरम मुळासकट उपटायची. छाटायची नाही. उपटलेली पाळीच्या बाहेर, कोरड्या जागी नेऊन वाळवायची. काठावर ढीग घातला तर पहिल्याच सरीत ती जिवंत होते. मग उघड्या पडलेल्या तळावर नांगर फिरवायचा. गुरांच्या खुरांनी आणि उन्हाने तो तळ फरशीसारखा होतो, त्यात मूळ शिरत नाही. नांगराने भुसभुशीत झाला, राहिलेली बेशरमीची मुळंही वर आली, की पावसाची वाट पाहायची. पाणी भरू लागलं आणि गढूळपणा बसला की धडधाकट तलावातून पाणवनस्पती आणायच्या. हायड्रिला, सिरॅटोफायलम, फितीसारख्या पानांची व्हॅलिस्नेरिया पाण्याखाली. कुमुदिनीसारख्या तरंगत्या पानांच्या त्याच्या अलीकडे. काठाच्या चिखलात एलिओकॅरिस, जिचे कंद सारस चोचीने उकरून खातो. मुळाशी चिखलाचा गोळा लावून घोट्या-गुडघ्याएवढ्या पाण्यात दाबायच्या, धानाचे पऱ्हे रोवतात तसंच. म्हणूनच हे काम बायकांच्या हाताला पटकन बसतं, रोवणी त्याच करतात. घाई करून गढूळ आणि खोल पाण्यात लावलं तर ऊन पोचत नाही आणि सगळं कुजतं. लावलेल्या भागात पहिले काही महिने गुरं जाऊ द्यायची नाहीत.

(हीच हायड्रिला फ्लोरिडात लोकांना नकोशी झालीये, जशी आपल्याला बाहेरून आलेली बेशरम. झाड तेच, जागा चुकली की वैरी. पण हे जाता जाता.)

मासळीचंही तसंच. रोहू, कटला, मृगळ थांबलेल्या पाण्यात वीत नाहीत, त्यांचं बीज दरवर्षी विकत आणावं लागतं. मरळ, शिंगी, मांगूर गावच्या तलावात स्वतःच वाढतात, पण त्यांना पाणगवत लागतं. मरळीची जोडी गवतात मोकळी जागा करून अंडी घालते आणि तांबूस पिल्लांच्या थव्याखाली राखण करत फिरते. त्या वेळी जाणता ढिवर तिला हात लावत नाही, कारण आईबाप उचलले तर पिल्लं बाकीच्या माशांच्या पोटात जातात. अशा तलावात 'झटपट वाढ' म्हणून गवत्या मासा (ग्रास कार्प) सोडला की लावलेलं सगळं तो चरून टाकतो. सायप्रिनस (कॉमन कार्प) तळ उकरतो, पाणी गढूळ करतो, मग पाण्याखालची झाडं ऊन न मिळाल्याने मरतात. थाई मांगूर तर बंदीच असलेला, तरी कोणीतरी सोडतं. तलाव सुधारला की गावची मासळी परत येते, तिच्यामागे हिवाळ्यात बदकंही येतात, कारण कित्येक बदकं पाण्याखालचं हेच गवत खातात.

ढिवरही काही देव नाहीत. बारीक जाळी लावणारे, पाण्यात विषारी औषध टाकणारे त्यांच्यातही आहेत. हो, आहेत.

सारसाचं सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. महाराष्ट्रात सारसाची वीण उरलीये ती मुख्यतः गोंदियात, थोडी शेजारी भंडाऱ्यात. आणि घरटं कुठे? बऱ्याचदा धानाच्या बांधीत. पावसाळ्यात जोडी धानाची ताटं आणि पाणगवत ओढून पाण्यात मचाण करते, बहुधा दोन अंडी, साधारण महिनाभर उबवण. तेवढ्या जागेतलं धान शेतकऱ्याचं जातं. धुऱ्यावरून जाताना तो वळसा घालतो, कुत्री हाकलतो, त्या कोपऱ्यात फवारणी करत नाही. कोणी सांगितलं म्हणून नाही, तर बाप तसंच करायचा म्हणून. आता सारस राखणाऱ्या मंडळींनी त्याला साथ दिलीये. उद्या ही गावं उठवली, धान बंद झालं, बांध्यांत पाणी साठायचं थांबलं, तर सारस काय जंगलात सागाच्या झाडावर घरटं करणार आहे?

मला माहीत आहे तुम्ही म्हणाल वाघाचं काय. वाघाच्या गाभाक्षेत्रात माणसाची वर्दळ नको, हे मीही म्हणते. कुठे कुठे माणूस बाजूलाच झालेला बरा. पण तो नियम प्रत्येक पाणी, प्रत्येक माळ, प्रत्येक काठावर लावायचा नसतो.

आणि नागपूरकरांनो, आपल्या घरचं बघा. गांधीसागर म्हणजे जुमा तलाव, फुटाळा, अंबाझरी, सोनेगाव, सक्करदरा. एकही निसर्गाने आयता दिलेला नाही. सगळे बांधलेले. मग आपण काठ सिमेंटने बांधून, कारंजं लावून, सांडपाणी आत सोडून त्यांना तलाव म्हणतो, आणि जलपर्णी वाढली की ती काढायला मशीन आणतो. जलपर्णी सांडपाण्यावर पोसते. सांडपाणी तसंच ठेवून ती काढणं म्हणजे दरवर्षीचं बिल. काठाची एक बाजू तरी उतरती, मातीची, चिखलाची ठेवा. फिरायला तीन बाजू पुरतात.

लिहायला बसले तेव्हा खूप राग होता, कमेंट करणाऱ्याचं नावच टाकणार होते. आता नाही टाकत. त्या मुलाला तलाव आवडला, एवढं तरी खरं आहे. त्याला कोणी सांगितलंच नसेल की फोटोतली पाळ कोणीतरी डोक्यावर वाहिली आहे.

फोटो ज्याने काढला त्या दादाला विनंती, पूर्ण फोटो परत टाक. आणि जमलं तर त्या तलावाचं नाव आणि तिथल्या मच्छीमार संस्थेचं नावही लिही. बेशरम उपटायला पावसाआधीचे पाच-सहा आठवडे असतात, आणि त्या ताटव्याच्या पसाऱ्याकडे पाहता तिथे गावाबाहेरचे वीस-पंचवीस हातही कमी पडतील.