‘साठवलेला प्रकाश’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

सप्रेम नमस्कार.

अंधारात उजळणाऱ्या वस्तूंविषयीच्या माझ्या लेखावर आपण लिहिलेली प्रतिक्रिया मी तीनदा वाचली आणि चार दिवस थांबून हे उत्तर लिहायला बसले. त्याच रात्री लिहिले असते तर शब्द अधिक कडक झाले असते. ज्यांनी ती प्रतिक्रिया पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगते. ‘प्रकाश कधीच साठवला जात नाही, तसे लिहिणे म्हणजे बालवाडीच्या बाईंनी मुलांची समजूत काढण्यासारखे आहे’, हे आपले मुख्य वाक्य. त्याशिवाय ‘रेडियमचे तारे’ हा शब्दप्रयोग चुकीचा आहे, फ्लुओरेसन्सला, म्हणजे प्रकाश पडत असेपर्यंतच दिसणाऱ्या चमकेला, मी दोनच ओळी दिल्या, काजवे आणि अळंबी यांना त्याच लेखात कारण नसताना आणले, इटलीतील बोलोन्याच्या, अंधारात उजळणाऱ्या दगडाचे साल चुकले, असे चार आक्षेप आपण एका दमात घेतले आहेत. शेवटी ‘मराठीत विज्ञान लिहिणाऱ्यांनी आधी विज्ञान शिकावे’ असा उपदेश आहे.

प्रथम त्या बालवाडीच्या बाईंविषयी. मी स्वतः गोव्याच्या सत्तरी तालुक्यातील एका मराठी शाळेत अठ्ठावीस वर्षे शिकवले, त्यातली पहिली सहा वर्षे सर्वांत लहान मुलांना. ज्या मुलांच्या घरी पावसाळ्यात आठ-आठ दिवस वीज नसे, ज्यांनी प्रयोगशाळा कधी पाहिली नव्हती, त्यांना उजेड म्हणजे काय हे समजावून सांगण्यासाठी जे कष्ट लागतात ते आपण घेतले आहेत की नाही हे मला माहीत नाही, कारण आपण स्वतःचे नावही दिलेले नाही. बालवाडीच्या बाईंचा उल्लेख आपण कमीपणा दाखवण्यासाठी केला, आणि तो मला लागला, हे मी लपवणार नाही. चूक दाखवायची तर ती चूक म्हणून दाखवावी. त्यासाठी एका संपूर्ण पेशाला मध्ये ओढण्याची गरज नव्हती.

आता मुद्द्याकडे येते. मी लिहिले होते : ‘छताला चिकटवलेला प्लास्टिकचा तारा दिवसाचा प्रकाश साठवतो आणि दिवा मालवल्यावर तो हळूहळू परत देतो.’ आपले म्हणणे असे, की साठते ती ऊर्जा, प्रकाश नव्हे. हे मला ठाऊक नव्हते असे आपण गृहीत धरले, आणि पुढचा परिच्छेद न वाचताच धरले असावे, कारण त्यात मी इलेक्ट्रॉनांविषयी लिहिलेच होते. तरीही पुन्हा सांगते. आजच्या बहुतेक चांगल्या ताऱ्यांत स्ट्राँशियम अॅल्युमिनेट हे द्रव्य असते आणि त्यात युरोपियम व डिस्प्रोशियम या मूलद्रव्यांचा अंश मिसळलेला असतो. निळा किंवा जांभळा प्रकाश त्यावर पडला की युरोपियमच्या अणूतील इलेक्ट्रॉन वरच्या ऊर्जेला जातो. त्यातले काही इलेक्ट्रॉन लगेच खाली न येता स्फटिकातील खोबणींसारख्या जागी अडकून पडतात. खोलीतल्या साध्या उष्णतेने स्फटिकाचे अणू सतत थरथरत असतात, त्या थरथरीने हे अडकलेले इलेक्ट्रॉन एकेक करून सुटतात, युरोपियमकडे परततात आणि परतताना हिरवट प्रकाश टाकतात. जपानमधील नेमोतो कंपनीने १९९३ साली हे द्रव्य शोधले. त्याआधीच्या तांबेमिश्रित झिंक सल्फाइडचा उजेड तास-दोन तासांत नजरेआड होई, हे नवे द्रव्य मात्र रात्रभर अंधुक दिसत राहते.

यावरून ‘साठवणे’ हे क्रियापद चुकते का? आपल्या गोव्यात पावसाळ्यापूर्वी घरोघरी पुरुमेंत, म्हणजे पावसाळ्यासाठीची बेगमी, भरतात. आमसुले, खारवलेले मासे, आंब्याचे साठ डब्यांत आणि बरण्यांत जातात. आंबा साठवला असे आपण म्हणतो तेव्हा झाडावरून उतरवलेला आंबा तसाच्या तसा बरणीत बसला आहे असे कोणी समजत नाही. त्याचा रस काढला, उन्हात थर दिले, वाळवला, रूप पालटले, आणि आषाढात ते साठ पानात वाढले तेव्हा आपण आंबाच खाल्ला. प्रकाशाचे ताऱ्यात तसेच होते. आत गेलेला प्रकाश निळा, बाहेर येणारा हिरवा, मधल्या काळात त्याचे रूप अडकलेल्या इलेक्ट्रॉनांचे. मराठीत या सगळ्याला साठवणे म्हणतात, आणि सत्तरीतल्या दहा वर्षांच्या मुलाला ते कळते. ‘स्फटिकदोषांमध्ये बद्ध इलेक्ट्रॉनांच्या स्थितिज ऊर्जेचे संधारण’ असे मी लिहिले असते तर आपले समाधान झाले असते कदाचित. त्या मुलाचे झाले नसते.

हे मी शब्दांवरून भांडण्यासाठी लिहीत नाही. साठवण हीच या गोष्टीची खूण आहे, हे मी वर्गात करून पाहिलेले आहे. एकाच पाकिटातले दोन तारे आम्ही सकाळी दहा वाजता अंगणातल्या उन्हात धरले. मग एक कपाटातल्या अंधारात ठेवला आणि दुसरा, काळ्या कागदात गुंडाळून, शाळेशेजारच्या दुकानातल्या आइस्क्रीमच्या फ्रीझरमध्ये ठेवायला दिला. दुपारी एक वाजता खिडक्या बंद करून दोन्ही बाहेर काढले. कपाटातला जवळजवळ विझला होता. फ्रीझरमधलाही थंड असेपर्यंत जेमतेम दिसत होता, पण एका मुलीने तो दोन्ही तळव्यांत धरून गरम केला आणि तो उजळू लागला. मुले ओरडली. थंडीत स्फटिकाची थरथर मंदावते, इलेक्ट्रॉन सुटत नाहीत, म्हणून प्रकाश तीन तास आत राहिला आणि ऊब मिळताच बाहेर आला. याउलट तारा गरम पाण्यात बुडवला तर तो लखलखतो आणि लवकर संपतो. जे आत ठेवता येते, थंडीने अडवता येते आणि ऊब देऊन काढून घेता येते, त्याला साठवलेले म्हणू नये तर काय म्हणावे, ते आपण सुचवले असते तर मी ऐकले असते. लाल प्रकाशाने मात्र हा तारा भरत नाही, कितीही वेळ धरला तरी. लाल प्रकाशाच्या एकेका कणात इलेक्ट्रॉनला वर उचलण्याइतके बळ नसते. मी हेही मूळ लेखात दिले होते.

साठवण नसलेला उजेड कसा असतो हे मी त्याहून आधी, घरीच पाहिले होते. माझ्या आजोबांनी गोवा मुक्त होण्यापूर्वी मडगावच्या बाजारातून एक स्विस घड्याळ घेतले होते. ते सागवानी पेटीत कापडात गुंडाळलेले असे आणि चतुर्थीला बाहेर निघे. वर्षभर ऊन न पाहिलेल्या त्या घड्याळाचे आकडे पेटी उघडताच अंधाऱ्या माजघरात हिरवे दिसत. त्याला कोणी प्रकाश दिलेला नसे. आकड्यांच्या रंगात रेडियम आणि झिंक सल्फाइड मिसळलेले असे; रेडियममधून सतत बाहेर पडणारे कण झिंक सल्फाइडवर आदळत आणि तेच त्याला उजळवत. हाच फरक पॅरिसमध्ये १८९६ साली शास्त्रज्ञ आंरी बेक्रेल यांच्या ध्यानात आला. युरेनियमचे क्षार उन्हात ठेवले की क्ष-किरणांसारखे काही सोडतात का, हे ते तपासत होते. आभाळ भरून आले म्हणून क्षार आणि फोटोची काच त्यांनी खणात ठेवून दिली, आणि ऊन न मिळताही काच काळी झालेली निघाली. उन्हाची साठवण लागते की लागत नाही या एका प्रश्नातून किरणोत्सार, म्हणजे काही मूलद्रव्यांतून आपोआप किरण बाहेर पडणे, सापडला. म्हणूनच तो शब्द मी निवडला होता, आणि तो मागे घेणार नाही.

‘रेडियमचे तारे’ याबद्दल मात्र आपले बरोबर आहे, आणि ते मी मोकळेपणाने मान्य करते. आपल्याकडे गाड्यांवर चिकटपट्ट्या कापून लावणाऱ्या दुकानालाही रेडियमचे दुकान म्हणतात. त्या पट्ट्यांत रेडियम नसते आणि त्या स्वतः उजळतही नाहीत, समोरच्या दिव्याचा उजेड परत फेकतात एवढेच. मुलांच्या खोलीतल्या ताऱ्यांतही रेडियम नसते. रूढ शब्द म्हणून मी तो एकदा वापरला, पण पुढे खुलासा करायला हवा होता. आजोबांच्या घड्याळाचे आकडे आता अजिबात उजळत नाहीत, कारण इतक्या वर्षांच्या माऱ्याने झिंक सल्फाइड निकामी झाले. रेडियम मात्र जवळजवळ होते तितकेच आहे, ते निम्मे व्हायला सोळाशे वर्षे लागतात. तसले घड्याळ कोणाच्या पेटीत असेल तर ते उघडून तबकडी खरवडू नये. अमेरिकेत न्यू जर्सीमध्ये अशा तबकड्या रंगवणाऱ्या मुलींना ब्रशचे टोक ओठांनी टोकदार करायला शिकवले जाई. त्यांच्या जबड्यांची हाडे कुजली, कित्येक मरण पावल्या, आणि पाच जणींच्या दाव्यात १९२८ साली तडजोड झाली. हे लेखात यायला हवे होते.

बाकीच्या आक्षेपांवर फार लिहिणार नाही. फ्लुओरेसन्सला दोन ओळी दिल्या, कारण दिवा मालवताच ती चमक जाते आणि लेख अंधारात उरणाऱ्या उजेडाविषयी होता. बोलोन्याच्या विन्चेन्झो काशारोलो या चांभाराने भाजलेला बॅराइट या खनिजाचा दगड अंधारात उजळतो हे पाहिले त्याचे साल मी १६०२ दिले, आपण १६०३ म्हणता. दोन्ही छापलेले आढळते आणि त्याने दगडाचे काही बदलत नाही. काजवे आणि म्हादईच्या रानात पावसाळ्यात कुजक्या लाकडावर उजळणारी अळंबी लेखात आली ती याच कारणाने, की त्यांच्यात उन्हाची साठवण नसते. ल्युसिफेरिन नावाचे द्रव्य ऑक्सिजनशी संयोग पावते आणि त्यातून थंड प्रकाश निघतो. हवा काढून घेतली की उजळणारे कुजके लाकूड विझते, हे शास्त्रज्ञ रॉबर्ट बॉइल यांनी १६६०च्या दशकातच दाखवले होते. ज्याने आषाढातल्या रात्री पायवाटेच्या कडेला ते फिकट हिरवे लाकूड हातात घेतले आहे, त्याला ही अळंबी लेखात कारण नसताना आणली असे वाटणार नाही. आपण ते घेतले नसेल तर तो आपला दोष नाही, पण मग तिच्यावर इतक्या खात्रीने लिहू नये.

विज्ञान शिकून मग लिहावे, या उपदेशावर एकच सांगते. मी बी.एस्सी. पदार्थविज्ञान घेऊन झाले आणि निवृत्तीनंतरही रोज वाचते. आपल्याला ते पुरेसे वाटत नसेल तर आपण स्वतः या विषयावर मराठीत लिहावे. मी ते वाचेन आणि त्यात चूक दिसली तर आपले नाव घेऊन, नीट शब्दांत दाखवेन.

मूळ लेखात आज दोन बदल केले आहेत. ‘रेडियमचे तारे’ या जागी आता ‘अंधारात उजळणारे तारे’ आहे, आणि जुन्या घड्याळांविषयीची सूचना शेवटी जोडली आहे. ‘प्रकाश साठवतो’ हे वाक्य होते तसेच ठेवले आहे.