बर्डी मधेच जाते कुठे?

गेल्या वर्षी आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. नंतर दीड महिना ब्युरोकडून एक मावशी दिवसपाळीला यायच्या. हात जड, जीभ सैल. पाय वाकवून घेता घेता आमच्या घरात कोणाचं काय चुकतंय ते सगळं आईला ऐकवायच्या. आई कण्हायची आणि हसायची, दोन्ही एकदम.

एका दुपारी मी हिचकॉकचा ‘रिअर विंडो’ लावला होता. मावशी कपड्यांच्या घड्या घालत उभ्यानेच बघत होत्या. इंग्रजी त्यांना कळत नव्हतं. प्लॅस्टरमधला पाय घेऊन घरी अडकलेला जेम्स स्टुअर्ट, आणि त्याची पाठ चोळून द्यायला विमा कंपनीने पाठवलेली नर्स. तिने त्याच्या तोंडात थर्मामीटर खुपसला आणि तो गप्प बसल्याचा फायदा घेऊन बोलत सुटली. मावशी म्हणाल्या, “ही खरी नर्स दिसते. बाकी सगळे नटलेत.”

समोर ग्रेस केली होती, तरी!

ती ‘खरी नर्स’ म्हणजे हॉलिवूडची जुनी नटी थेल्मा रिटर. त्या दिवसानंतर मी तिचे मिळतील ते सगळे सिनेमे बघून काढले, त्यामुळे आज जरा लांबण लागणार आहे.

आपल्याकडे अशा बाईला ‘चरित्र अभिनेत्री’ म्हणतात. मला हा शब्द कधीच झेपला नाही. म्हणजे नायिकेला चरित्र नसतं की काय? आणि ऑस्करवाले म्हणतात ‘सहाय्यक’. कोणाला सहाय्य? थेल्मा रिटर पडद्यावर असते तेव्हा नायक-नायिकाच तिचे सहाय्यक वाटतात. ‘रिअर विंडो’तलाच नाश्त्याचा प्रसंग घ्या. समोरच्या इमारतीतल्या माणसाने बायकोला मारलं असेल तर प्रेताचे तुकडे कुठे केले असतील, यावर ती मोठ्याने विचार करते. भाजीवाल्याकडे काय मिळेल काय नाही, असा आवाज. मग तिचं तिलाच सुचतं, बाथटबमध्ये, दुसरीकडे कुठे, रक्त धुवायला सोपं. स्टुअर्टने काट्यावर घेतलेला बेकन तोंडापर्यंत पोचत नाही. त्या प्रसंगात हसू स्टुअर्टच्या चेहऱ्यामुळे येतं हे खरं, पण त्याला तो चेहरा करायला लावते ती.

बाई मूळची ब्रुकलिनची. जन्म १४ फेब्रुवारी १९०२. न्यूयॉर्कच्या अमेरिकन अकॅडमी ऑफ ड्रमॅटिक आर्ट्समध्ये रीतसर शिकली, नाटक कंपन्यांतून कामं केली. १९२७ मध्ये जोसेफ मोरान या नटाशी लग्न केलं. तो पुढे नाटक सोडून जाहिरातीच्या धंद्यात गेला आणि चांगला वर चढला. ही दोन मुलं वाढवत घरी राहिली, मग चाळीसच्या दशकात रेडिओवर परतली. इथपर्यंतची गोष्ट आपल्या ओळखीतल्या कितीतरी जणींची आहे. पुढची मात्र कोणाचीच नसते.

१९४७ मध्ये, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी, पहिला सिनेमा. ‘मिरॅकल ऑन थर्टीफोर्थ स्ट्रीट’. मेसीजच्या दुकानात पोराच्या खेळण्यासाठी वणवण करून दमलेली एक आई. दुकानातला सांताक्लॉज तिला सांगतो की ते खेळणं अमुक दुसऱ्या दुकानात मिळेल. स्वतःचं गिऱ्हाईक दुसऱ्याकडे पाठवणारं दुकान बघून ती चाट पडते, आणि यापुढे इथेच येणार म्हणून मॅनेजरला सांगून टाकते. एवढंच काम. श्रेयनामावलीत नावही नाही. पण हातातली पार्सलं आणि कपाळावरची वैतागाची आठी इतकी खरी होती की फॉक्स स्टुडिओचा मालक म्हणावा असा डॅरिल झॅनक, त्याच्याही लक्षात ही बाई राहिली.

तीन वर्षांनी ‘ऑल अबाउट ईव्ह’. यातली बर्डी ही माझी आवडती आणि माझी तक्रारही. बेटी डेव्हिस ही रंगभूमीची मोठी नटी मार्गो, बर्डी तिची मदतनीस, स्वतः जुन्या व्हॉडेव्हिलमधून, म्हणजे नाच-गाणी-नकलांच्या रंगमंचावरून आलेली. ईव्ह नावाची गरीब, नम्र पोरगी ड्रेसिंगरूममध्ये येऊन आपली करुण कहाणी सांगते. सगळ्यांचे डोळे पाणावतात. बर्डी एकटीच वाकडं बोलते, आणि मार्गोची बोलणी खाऊन माफीही मागते. पुढे मार्गोला ही मुलगी म्हणजे देवाने पाठवलेली वाटत असताना बर्डीच तिला सांगते की ती तुझा अभ्यास करतेय, नकाशा वाचावा तसा. अख्ख्या सिनेमात ईव्हला सगळ्यात आधी ओळखते ती कामवाली.

आणि मग बर्डी गायब होते. त्या गाजलेल्या पार्टीनंतर ती दिसतच नाही. काढून टाकली, आजारी पडली, रुसून गेली, काही नाही. दिग्दर्शक मँकिविझ एवढा शब्दांचा माणूस, त्याने तिच्यासाठी एक वाक्य खर्चलं नाही. मला माहीत आहे, पटकथेच्या हिशोबात तिचं काम संपलं होतं. खरं बोलून झालं, आता चूक करायची पाळी मार्गोची. पण चित्रपट संपताना मला ईव्हचं काय झालं यापेक्षा बर्डी कुठे गेली याची चुटपुट जास्त लागते. (आमच्या मावशींचंही तसंच झालं म्हणा. ब्युरोची मुदत संपली, सोमवारपासून येणं बंद. आई अजून दुपारी दाराकडे बघते.)

त्या भूमिकेसाठी तिला ऑस्करचं पहिलं नामांकन मिळालं. मग १९५१, १९५२, १९५३ सालच्या कामांसाठी ओळीने तीन, आणि १९५९ व १९६२ सालच्या कामांसाठी आणखी दोन. सहा नामांकनं, सगळी सहाय्यक अभिनेत्रीचीच, पुरस्कार एकही नाही. १९५५ च्या सोहळ्यात तर हॉलिवूडमधून बॉब होप आणि न्यूयॉर्कमधून ही, असं सूत्रसंचालन होतं. म्हणजे मांडव सांभाळायला बोलावलं, अक्षता काही पडल्या नाहीत. ब्रॉडवेने, म्हणजे न्यूयॉर्कच्या रंगभूमीने मात्र १९५८ मध्ये आपला टोनी पुरस्कार दिला, तोही संगीत नाटकातल्या प्रमुख अभिनेत्रीचा. ‘न्यू गर्ल इन टाउन’साठी ग्वेन व्हर्डन आणि ती, दोघींना विभागून.

१९५१ चा ‘द मेटिंग सीझन’ फारसा कोणी बघत नाही, तो बघा. हॅम्बर्गरचं दुकान बुडालेली आई मुलाकडे येते. श्रीमंताघरची नवी सून तिला ओळखत नाही, स्वयंपाकीण समजते, आणि ही ते तसंच चालू देते. मुलाच्या घरी पगारी स्वयंपाकीण! आपल्याकडे यावर तीन तास रडवलं असतं. रिटर एकदाही डोळ्याला पदर लावत नाही, म्हणजे तिच्याबाबतीत एप्रन. कथा सगळी तिच्या खांद्यावर, तरी नामांकन ‘सहाय्यक’. त्या वर्षी ‘अ स्ट्रीटकार नेम्ड डिझायर’साठी किम हंटर जिंकली, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही.

१९५९ चा ‘पिलो टॉक’ मला तितकासा आवडत नाही. दारू पिणारी मोलकरीण, रॉक हडसनला पिण्यात हरवते, लोक हसतात. ती हे झोपेतही करू शकली असती. उलट ‘बर्डमॅन ऑफ अल्कट्राझ’ बघताना घाबरायला होतं. मुलाची फाशी टळावी म्हणून थेट वॉशिंग्टनपर्यंत धडकणारी आई, आणि तुरुंगातल्या त्याच मुलाने लग्न केल्यावर त्याच्यावर उलटणारी आई. तोच चेहरा, तोच ब्रुकलिनचा आवाज, पण विनोद काढून घेतलेला. आतली मालकी हक्काची भूक तेवढी उरते.

माझं खरं भांडण १९५३ चं आहे. सॅम्युएल फुलरचा ‘पिकअप ऑन साउथ स्ट्रीट’. तिची मो विल्यम्स रस्त्यावर टाय विकते आणि पोलिसांना खिसेकापूंची खबर विकते. खिसा कसा मारला एवढं ऐकून माणूस ओळखते, आणि महागाईचा दाखला देऊन भाव वाढवून मागते. जमवलेला पैसा एकाच गोष्टीसाठी, स्वतःच्या अंत्यविधीसाठी. बेवारशांच्या दफनभूमीत पडायचं नाही, एवढीच हौस. तिने ज्याची खबर विकली तो खिसेकापूही रागावत नाही. बाईला पोट आहे, तो समजून घेतो.

मग एका रात्री ती खोलीवर येते. दिवसभर फिरून पाय दमलेले. ग्रामोफोन लावते, अंथरुणावर टेकते. खोलीत एक माणूस पिस्तूल घेऊन वाट बघत असतो. त्याला खिसेकापूचा पत्ता हवा असतो. जिने आयुष्यभर पत्ते विकले तिला हा एक पत्ता विकायचा नसतो. ती ओरडत नाही, रडत नाही. मी फार थकलेय, असं सांगते, बसमध्ये शेजारच्या बाईला सांगावं तसं. डोळ्यांखालची कातडीसुद्धा थकलेली दिसते. मारलंस तर उपकारच होतील म्हणते. कॅमेरा तिच्यावरून सरकत ग्रामोफोनकडे जातो, तबकडी संपत आलेली असते, आणि गोळीचा आवाज येतो.

त्या वर्षीचं ऑस्कर ‘फ्रॉम हिअर टू इटर्निटी’साठी डोना रीडला गेलं. चांगलं काम आहे तिचं. पण तबकडी फिरताना बघा आणि मग मला सांगा.

फुलरने मात्र मँकिविझने केलं नाही ते केलं. मो गेल्यावर तिला विसरून सिनेमा पुढे पळत नाही. बेवारस शवपेट्या घेऊन निघालेल्या बोटीवर तो खिसेकापू चढतो, त्यातली तिची पेटी शोधतो आणि तिला पुरायला घेऊन जातो.

थेल्मा रिटर ५ फेब्रुवारी १९६९ ला न्यूयॉर्कमध्ये हृदयविकाराने गेली, सदुसष्टावा वाढदिवस नऊ दिवसांवर असताना. ‘पिकअप’ जेमतेम ऐंशी मिनिटांचा आहे. मावशींना तो दाखवायचा राहिला. आईने बघितला, आणि मधेच थांबवायला लावून विचारलं, “ती टायवाली परत येते का रे?”