पिशवी कुणाची?

डिसेंबर 2024. रविवारची दुपार, म्हणजे कोल्हापुरात संध्याकाळ. घरी व्हिडिओ कॉल लावला तेव्हा आईशेजारी आत्या बसली होती. त्याच दिवशी नागपुरात सरसंघचालक मोहन भागवत बोलले होते: जननदर 2.1 च्या खाली गेला तर समाज टिकत नाही, तेव्हा दोनपेक्षा जास्त, तीन तरी मुलं हवीत. त्याआधी ऑक्टोबरात आंध्रचे मुख्यमंत्री चंद्राबाबू नायडूंनीही जास्त मुलं होऊ द्या म्हणून सांगितलं होतं, आणि स्थानिक निवडणुकांसाठीची दोन अपत्यांची अट त्यांच्या सरकारनं काढूनही टाकली होती. आत्या फोनकडे वाकून म्हणाली, "आता तीन म्हणायला लागलेत बघ. तू एकाचं तरी मनावर घे की गं."

मी तेव्हा 41 वर्षांची. मला मूल नाही. का नाही, हे मी आत्यालाही कधी सांगितलेलं नाही आणि इथेही सांगणार नाही. राग मला तिचा आला नाही. तिला पहिल्या तीन मुली. चौथा मुलगा झाला आणि त्याच बाळंतपणात तिचं ऑपरेशन उरकलं. ठरवलं सासऱ्यांनी. आमच्याकडे नुसतं 'ऑपरेशन' म्हटलं की कुटुंबनियोजनाचंच, आणि ते बाईचंच. तेव्हा सरकारी दवाखान्याच्या भिंतीवर कुटुंबनियोजनाचा लाल त्रिकोण होता आणि घरात मुलाची वाट बघणं होतं. या दोन हुकमांच्या मधे आत्याचं अख्खं तरुणपण गेलं. आता सत्तरीत ती तिसरा हुकूम माझ्यापर्यंत पोचवत होती, आणि तिला त्यात काहीच वेगळं वाटत नव्हतं.

कालपर्यंत दोन पुरे, आता तीन हवीत. आकडा बदलतो, पण तो सांगणारा माणूस आणि ज्या पोटासाठी तो सांगायचा ते पोट बदलत नाही. 1976 मध्ये सक्तीच्या नसबंदीचं विधेयक विधिमंडळात मंजूर करणारं राज्य आपलं महाराष्ट्र होतं. राष्ट्रपतींची संमती मिळाली नाही म्हणून ते कायद्यात उतरलं नाही. आणीबाणीत पुरुषांवर नसबंदीची जबरदस्ती झाली, त्यापायी 1977 मध्ये सरकार पडलं, आणि त्यानंतर हा सगळा कार्यक्रम गुपचूप बायकांकडे वळवला गेला. 2019 ते 2021 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात देशातल्या लग्न झालेल्या बायकांपैकी जवळपास 38 टक्क्यांची नसबंदी झालेली आढळली. नवऱ्याची झालेली जोडपी 0.3 टक्के. पुरुषांची शस्त्रक्रिया सोपी, बिनटाक्याची, काही मिनिटांची, तरी हे चित्र आहे.

मी औषधशास्त्र शिकले. 2010 मध्ये आयर्लंडला येण्याआधी कोल्हापूरजवळ एका औषध दुकानाच्या काउंटरवर उभी राहायचे. ऊसतोडीच्या हंगामात बीडकडून आलेल्या टोळ्यांतल्या बायका यायच्या. दुखण्याच्या गोळ्या मागायच्या, पाळी पुढे ढकलायच्या गोळ्या मागायच्या. नवरा-बायको मिळून एक कोयता, म्हणजे मजुरीच्या हिशेबात जोडी एकच. मुकादमाची उचल दोघांच्या नावावर. एक दिवस खाडा झाला की पैसे कापले जातात. पाळीत उसाच्या फडात ना आडोसा, ना पाणी. त्यातली एक, वय पंचविशीच्या आतबाहेर, मला सहज म्हणाली होती, "पिशवी काढून टाकली बाई, कटकट गेली." मी तिला वेदनाशामक गोळ्यांची पट्टी दिली, पैसे घेतले. पुढे काही विचारलं नाही. ते न विचारणं मला आजही छळतं.

2019 मध्ये याची चौकशी झाली. बीड जिल्ह्यातल्या 82 हजारांवर ऊसतोड कामगार बायकांची पाहणी झाली आणि त्यातल्या 13 हजारांहून अधिक जणींचं गर्भाशय काढलेलं निघालं. गर्भाशयाला आपण पिशवी म्हणतो. भरली तर कामाची, रिकामी राहिली तर खोट, नडली तर फेकून द्यायची. मूल हो म्हणणारे आणि मूल पुरे म्हणणारे पुढारी या बायकांबद्दल एका शब्दानं बोलत नाहीत, कारण त्यांची मुलं होऊन गेलेली असतात. मोजणीपुरतं काम संपलेलं असतं. मग हाडं ठिसूळ होवोत, कंबर धरो, तिशीतच म्हातारपण येवो.

मी गॉलवेत राहते, आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावर. ऑक्टोबर 2012 मध्ये याच गावात सविता हलप्पनवार गेली. बेळगावची मुलगी, दंतवैद्य, 31 वर्षांची, 17 आठवड्यांची गरोदर. गर्भपात अटळ आहे हे डॉक्टरांना कळलं होतं. तिनं स्वतः मोकळं करा म्हणून सांगितलं. गर्भाचे ठोके चालू होते म्हणून नकार मिळाला, आणि जंतुसंसर्ग रक्तात पसरून ती गेली. हा कॅथलिक देश आहे, असं तिला सांगितलं गेलं होतं, आणि सांगणाऱ्या परिचारिकेनं ते पुढे चौकशीत कबूलही केलं. बातमी नोव्हेंबरात फुटली. आयर स्क्वेअरमध्ये मेणबत्त्या घेऊन उभ्या असलेल्या गर्दीत मीही होते. कोल्हापूर ते बेळगाव म्हणजे आमच्याकडे सकाळी जाऊन संध्याकाळी परत यायचं अंतर. सारखं मनात येत होतं, ही पोरगी माहेरी असती तर वाचली असती.

कायद्यानं तरी वाचली असती. आपला गर्भपाताचा कायदा 1971 चा. आयर्लंडनं 1983 मध्ये, मी जन्मले त्या वर्षी, घटनेत आठवी दुरुस्ती करून गर्भाचा आणि आईचा जगण्याचा हक्क समान केला होता. गरज पडली की आयरिश बायका बोटीनं, विमानानं गुपचूप इंग्लंडला जात. लग्न झालं की सरकारी नोकरी सोडायची हा नियम इथे 1973 पर्यंत होता. माझ्या शेजारच्या आजींनी असंच साठच्या दशकात पोस्टातलं काम सोडलं. त्या काळी माझी आजी शाळेत शिकवत होती. त्यामुळे इकडचं सगळं पुढारलेलं आणि तिकडचं मागासलेलं, असं कुणी म्हटलं की मला पटत नाही. गॉलवेपासून थोड्याच अंतरावर ट्यूम आहे. तिथे लग्नाआधी दिवस गेलेल्या मुलींना ठेवायचं गृह होतं, 1925 ते 1961 पर्यंत. तिथल्या 796 बाळांच्या मृत्यूची नोंद मिळते, दफनाची मिळत नाही.

तरीही 2018 मध्ये आठवी दुरुस्ती काढायची की नाही यावर मतदान झालं, तेव्हा इथे जे पाहिलं ते विसरत नाही. त्याआधी चिठ्ठ्या टाकून निवडावेत तसे निवडलेले 99 सामान्य नागरिक महिनोन्महिने शनिवार-रविवार बसून डॉक्टर, वकील, गर्भपात झालेल्या बायका, विरोध करणाऱ्या बायका, सगळ्यांचं ऐकत होते. मग घरोघर बोलणं सुरू झालं. साठीच्या बायकांनी चाळीस वर्षं पोटात ठेवलेलं नवऱ्यासमोर, मुलांसमोर पहिल्यांदा सांगितलं. सविताच्या वडिलांनी बेळगावहून आयरिश लोकांना आवाहन केलं. 25 मे रोजी मतदान होतं. परदेशी गेलेली आयरिश पोरं जगभरातून तेवढ्या एका मतासाठी परत आली. माझ्या सहकारिणीची बहीण सिडनीहून आली, मत दिलं आणि चौथ्या दिवशी परत गेली. मला मत नव्हतं, माझा पासपोर्ट भारताचा. 66 टक्क्यांहून जास्त लोकांनी दुरुस्ती काढून टाकायला होकार दिला. 2019 पासून 12 आठवड्यांपर्यंत गर्भपाताला कारण सांगावं लागत नाही, आणि इथे राहणाऱ्या बाईला त्याचे पैसे पडत नाहीत. तीन दिवस थांबण्याची अट मात्र अजून आहे, आणि ती मला बाईच्या अकलेवरचा अविश्वासच वाटते.

आपल्या 1971 च्या कायद्यानं लाखो जीव वाचवले आहेत. पण तो बाईच्या तोंडून आलेला नाही. असुरक्षित गर्भपातातले मृत्यू रोखायचे होते, लोकसंख्या आवरायची होती, डॉक्टरांना फौजदारी कलमांतून वाचवायचं होतं. बाईनं नुसतं 'मला नको' म्हणणं त्यात आजही पुरेसं नाही, कारण डॉक्टरला पटावं लागतं. 2021 च्या दुरुस्तीनं 'नवरा' या शब्दाच्या जागी 'जोडीदार' आणला, 29 सप्टेंबर 2022 ला सर्वोच्च न्यायालयानं अविवाहित बाईलाही 24 आठवड्यांची मुदत लागू केली, आणि नवऱ्यानं केलेली बळजबरीही गर्भपातापुरती बलात्कारात धरली. मोठी पावलं आहेत ही. पण आत्याच्या सोफ्यापर्यंत त्यांची खबर गेलेली नाही. भागवतांचं 'तीन' मात्र त्याच संध्याकाळी पोचलं.

मला जास्त वाईट वाटतं ते दुसऱ्याच गोष्टीचं. हे बोलणं मराठीत कधी झालंच नाही असं नाही. रघुनाथ धोंडो कर्व्यांनी 1921 मध्ये मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं. त्यापायी प्राध्यापकी गेली. 1927 पासून मरेपर्यंत, 1953 पर्यंत, 'समाजस्वास्थ्य' मासिक चालवलं. अश्लीलतेचे खटले झाले, आणि 1934 मध्ये त्यांच्या बाजूनं कोर्टात उभे राहिले डॉ. आंबेडकर. त्याच सुमारास, 1935 मध्ये, आयर्लंडनं गर्भनिरोधकांच्या विक्रीवर बंदी घातली. तेव्हा आपण पुढे होतो, निदान आपला एक माणूस तरी. कर्वे नुसतं लोकसंख्येचं गणित मांडत बसले नव्हते. बाईला शरीरसुखाचा हक्क आहे आणि मूल हवं की नको हे तिनं ठरवायचं, हे ते मांडत होते. पुढे सरकारनं त्यांच्यातली साधनं उचलली आणि हक्क तिथेच ठेवला. म्हणून 'तांबी', म्हणजे कॉपर-टी, गावोगाव पोचली, पण ती बसवायची की नाही हे विचारणारं कुणी पोचलं नाही.

इथे काउंटरवर मी रोज उलटं पाहते. 17 ते 35 वयाच्या मुलींना गर्भनिरोधक फुकट मिळतं. मुलगी येते, गोळ्या घेते, हवापाण्याचं बोलते, जाते. तिचं लग्न झालंय का हे मला माहीत नसतं. पहिली दोन वर्षं मलाच अवघडायला व्हायचं, नजर आपोआप बोटातल्या अंगठीकडे जायची. ती सवय मोडायला वेळ लागला. इथेही आईपणाची अपेक्षा संपलेली नाही. 1937 च्या घटनेत घरातल्या बाईबद्दल आणि आयांच्या घरातल्या कर्तव्याबद्दल जे लिहिलंय ते बदलायला मार्च 2024 मध्ये मतदान झालं, आणि लोकांनी ते फेटाळलं. नवे शब्द गुळमुळीत आहेत, आजारी-अपंगांना सांभाळणाऱ्यांच्या पदरात त्यातून काही पडत नाही, असं कितीतरी जणी सांगत होत्या. मला ते पटलं. पण जुनं वाक्यही तसंच राहिलं.

गेल्या वर्षी माझ्या भाचीचा फोन आला. गच्चीवरून, दबक्या आवाजात. लग्नाला दीड वर्ष, नोकरी नवी, दिवस गेलेले आणि तिला आत्ता नको होतं. नवऱ्याशी बोलणं झालं होतं. दवाखान्यात मात्र सांगितलं होतं, मिस्टरांची सही आणा, जमलं तर सासूबाईंनाही घेऊन या. आपल्या गर्भपाताच्या नियमांतला संमतीचा नमुना 'क' मी काढून तिला पाठवला. सज्ञान बाई असेल तर त्यावर एकच सही लागते, तिची. नवऱ्यासाठी त्यावर जागाच नाही. भाचीनं तो फोनवर उघडून तिथल्या बाईंना दाखवला. त्या म्हणाल्या, "असू दे हो, आमच्याकडे अशीच पद्धत आहे." औषध दुकानातून गोळ्या आणाव्यात तर, गर्भलिंग तपासणीवरच्या धाडी सुरू झाल्यापासून चौकशीच्या भीतीनं अनेक दुकानदारांनी त्या ठेवणंच सोडलंय, अगदी रीतसर चिठ्ठीवरही देत नाहीत. मी जिथे काम करायचे तिथेही नाहीत. मुलींना वाचवायला केलेल्या कायद्याचा धाक असा भलत्याच मुलींवर बसला आहे.

शेवटी नवऱ्यानं सही केली. सगळं नीट झालं. रात्री भाचीचा मेसेज आला, "मावशी, हा खरंच चांगला आहे गं, एका शब्दानं काही म्हणाला नाही."

मी बराच वेळ उत्तर टाइप करत होते. तो चांगला आहे, हे खरंच आहे. मग एवढंच लिहिलं, "नमुना 'क' फोनमधून काढू नकोस. मैत्रिणींना पाठव."