एकटा 'स्क्रीम' जपून भागणार नाही

'स्क्रीम' या भयपटाची सुरुवात आठवा. घरात एकटी मुलगी, फोनवर अनोळखी आवाज आणि मित्राच्या जिवावर बेतलेला प्रश्न: 'फ्रायडे द थर्टीन्थ'मधला खुनी कोण? ती छातीठोकपणे सांगते, जेसन. चूक! १९८० च्या पहिल्या भागात खून करते ती जेसनची आई; जेसन खुनी होतो तो पुढच्या भागांत. तो सिनेमा पाहिलेला प्रेक्षक इथे चपापतो, कारण त्याच्याही तोंडी जेसनच आलेला असतो.

१९९६ चा हा सिनेमा आजही मला धरून ठेवतो तो यासाठी. दिग्दर्शक वेस क्रेव्हन आणि लेखक केव्हिन विल्यमसन यांनी प्रेक्षकाला जाणकार मानलं. पार्टीतला तो प्रसंग तर कमालच आहे. भयपटांचा वेडा रँडी सोफ्यावर बसून 'हॅलोविन' हा जुना भयपट बघतोय, पडद्यावरच्या नायिकेला 'मागे बघ' म्हणून ओरडतोय आणि खुनी त्याच्याच मागे उभा आहे. बाहेर गाडीत बसलेला कॅमेरामन हे सगळं बघतोय, पण त्याच्याकडे चित्र तीस सेकंद उशिरा पोहोचतं. भयपटात जिवंत राहण्याचे सगळे नियम तोंडपाठ असूनही माणूस वाचेलच असं नाही, ही भीती मला कुठल्याही मुखवट्यापेक्षा मोठी वाटते.

पण हे सगळं उभं आहे जुन्या सिनेमांवर. 'हॅलोविन'ला मरण नाही. त्याच्या मागून आलेल्या दुय्यम, स्वस्तातल्या स्लॅशरपटांचं, म्हणजे एकेकाला गाठून मारणाऱ्या खुन्याच्या भयपटांचं काय? नियम घासून घासून पक्के केले ते त्यांनी. त्यातले कित्येक व्हीएचएस कॅसेटवरच राहिले, आणि चुंबकीय टेप काही कायमची टिकत नाही. स्ट्रीमिंगवरचा सिनेमा हक्कांचा करार संपला की गायब होतो. 'माय ब्लडी व्हॅलेंटाइन' १९८१ मध्ये सेन्सॉरसाठी कापला गेला. त्यातली काही दृश्यं पुन्हा बघायला २००९ ची डिस्क यावी लागली. तीही मिळाली, कारण कापलेली फिल्म कुणीतरी सांभाळली होती.

म्हणून जुन्या टेप डिजिटाइझ करून ऑनलाइन जपणाऱ्या चाहत्यांबद्दल मला मनापासून आदर आहे. हक्कांचा प्रश्न खरा आहे, आणि जो सिनेमा रीतसर मिळतो तो विकतच घ्यावा. पण ज्याला कुणी वाली उरलेला नाही, त्याची एकमेव प्रत कपाटात सडू देणं मला पटत नाही.

अशी टेप तुमच्याकडे असेल तर डिजिटाइझ करताना सुरुवातीच्या जाहिराती कापू नका. प्रत कोणत्या वर्षाची, कोणत्या देशातली, किती मिनिटांची, हेही सोबत लिहा. कोणती दृश्यं कुठे कापली गेली, याचा माग त्यावरूनच लागतो.