झरीना यांच्या रेषेमागची उर्दू

झरीना हाश्मी यांच्या मुद्राचित्रांवरील (ठशांनी कागदावर छापलेल्या चित्रांवरील) एक लेख मी वाचला; त्यात त्यांच्या रेषेचे मूळ पाश्चात्त्य मिनिमलिझममध्ये, म्हणजे मोजक्या रेषा-आकारांवर भर देणाऱ्या कलाशैलीत आहे असे म्हटले आहे, ते मला पटले नाही. अलीगढमध्ये जन्मलेल्या, गणित शिकलेल्या आणि पुढे पॅरिसमध्ये मुद्राचित्रकार हेटर यांच्याकडे मुद्रातंत्र आत्मसात केलेल्या या कलावतीची भूमितीवरची पकड उघडच दिसते. पण १९९९ च्या ३६ काष्ठमुद्रांच्या (लाकडी ठशांवरून छापलेल्या चित्रांच्या) संचात प्रत्येक चित्राची सुरुवात एका उर्दू शब्दापासून होते, आणि हा शब्द वगळला तर उरतात त्या केवळ देखण्या काळ्या आकृत्या. लेखात उर्दूचा उल्लेखही नसावा, याचे मला फार वाईट वाटले.

बहीण राणी यांनी लिहिलेली, पण कधीच टपालात न पडलेली पत्रे झरीना यांनी २००४ मध्ये ठशांत उतरवली आणि त्यांवर घरांचे आराखडे व नकाशे छापले. ती पाहताना मला माझ्या आजीच्या पेटीतली मोडी पत्रे आठवली. कागद घडीवर विरलेला, शाई तपकिरी झालेली, आणि घरात ती वाचू शकणारे कोणीही नाही; तरीही अक्षरांचा उजवीकडे झुकलेला वेग पाहिला की हे आजीचेच अक्षर, हे मला लगेच कळते. लिपी वाचता येत नसतानाही ती माणसाला जवळ आणते. झरीना यांची चित्रे मला याच अनुभवाच्या बळावर उमगली. त्यासाठी मिनिमलिझमचा इतिहास ठाऊक असण्याची गरज भासली नाही.