पोट उडतंय का, ते आधी बघा

तुमच्या लेखात बाळांच्या ‘ब्राँकिओलायटिस’ची, म्हणजे फुप्फुसांतल्या बारीक श्वासनळ्या सुजण्याच्या आजाराची, माहिती चांगली दिलीय, पण घरच्यांनी नेमकं काय बघायचं ते दोन ओळींत उरकलंय. आमच्या जळगाव-धुळ्याकडे डिसेंबर-जानेवारीत गारठा वाढला की प्रत्येक गल्लीत एखादं तान्हं घुरघुरत असतं. बहुतेक वेळा कारण आरएसव्ही नावाचा विषाणू. त्यावर अँटिबायोटिक चालत नाही, तरी मेडिकलवरून मागच्या वर्षीचीच बाटली येते!

खरी खूण म्हणजे श्वास. बाळ शांत असताना, झोपलेलं असलं तर उत्तमच, झबलं वर करून पोट किती वेळा वर-खाली होतं ते पूर्ण एक मिनिट मोजायचं. दोन महिन्यांच्या आत ६० किंवा जास्त, वर्षाच्या आत ५० किंवा जास्त, पुढे पाच वर्षांपर्यंत ४० किंवा जास्त श्वास भरले तर दवाखाना गाठायचा. बरगड्यांखाली खड्डा पडत असेल, बाळ अंगावर पीत नसेल, ओठ निळसर दिसत असतील, तर मोजत बसू नका, रात्र असली तरी निघा. सर्दीनंतर तिसऱ्या ते पाचव्या दिवशी त्रास वाढतो, हेही लेखात हवं होतं.

आणि आजीबाईंना हात जोडून विनंती, तान्ह्याच्या नाकाशी कापूर नको, त्याने झटके येऊ शकतात. चुलीचा धूर, बिडीचा धूरही लांबच. बाकी केळीच्या मुलखात राहून बाळंतिणीचं केळं ‘कफ होतो’ म्हणून बंद करणाऱ्यांना काय म्हणावं! हा आजार शिंकेतून आणि न धुतलेल्या हातांतून येतो हो.