साइटवरचं गढूळ पाणी : एका ठेकेदार वाचकाला उत्तर

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. उत्तराला चार दिवस लागले, कारण माझी एक चूक तुम्ही बरोबर पकडली आहे आणि ती तपासून बघायची होती.

बाकीच्या वाचकांसाठी थोडक्यात सांगते. पावसाळ्यात बांधकामाच्या साइटवरून वाहून जाणाऱ्या पाण्याबद्दल मी मागच्या लेखात लिहिलं होतं. बावीस वर्षं पुण्यात ठेकेदारी करणाऱ्या या वाचकांचं त्यावर म्हणणं असं : कडेला पोती लावून काही होत नाही. माती म्हणजे प्रदूषण नव्हे, नदी सांडपाण्यानं मेली, मुरुमानं नाही. आंबिल ओढ्याचा पूर काय आमच्या मुरुमानं आला? लेखातले सगळे नियम अमेरिकेतून उचललेले आहेत. आणि पाच गुंठ्यांवर बंगला बांधणाऱ्यानं गाळ बसवायला तळं कुठे खोदायचं?

पोत्यांपासून सुरुवात करते. ‘खालच्या कडेला पोत्यांची रांग लावली की पाणी निवळून बाहेर पडतं’ असं मी लिहिलं होतं. ते चूक आहे. पोती मुरूम अडवतात, क्रश सँड अडवतात, काळी माती अडवत नाहीत. तुमची प्रतिक्रिया आली त्याच दिवशी साइटवरच्या खड्ड्यातलं पाणी दोन बरण्यांत भरून ऑफिसच्या खिडकीत ठेवलं. मिनिटभरातच तळाला तांबूस थर बसला. वरचं पाणी मात्र चौथ्या दिवशीही दुधाच्या चहासारखंच होतं. वाळूचा एक दशांश मिलिमीटरचा कण फूटभर पाण्यातून पाऊण मिनिटाच्या आत खाली बसतो. त्याच्या दहाव्या हिश्शाएवढ्या कणाला तासभर लागतो. आणि चिकणमातीच्या एक सहस्रांश मिलिमीटरच्या कणाला तीन-चार दिवस, तेही पाणी जरासुद्धा हललं नाही तर. दुसऱ्या बरणीत मी तुरटीचा खडा फिरवला होता. ती जेवणाच्या सुट्टीपर्यंत निवळली. पावसाळ्यात आपल्या आया-आज्या हंड्यात तुरटी फिरवायच्या ती याचसाठी. बारीक कण एकमेकांना धरतात, जड होतात आणि बसतात. तेव्हा काळ्या मातीच्या साइटवर पाणी आधी खड्ड्यात साठवायचं, बरणीत करून बघून तुरटीचं प्रमाण ठरवायचं आणि निवळलेलं पाणी वरच्या वरून सोडायचं. तुरटी खड्ड्यात टाकायची, ओढ्यात कधीच नाही. लेखात ही दुरुस्ती आजच केली आहे. तुमचे आभार.

आता माती. ती नैसर्गिक आहे, मान्य. पण गवत असलेल्या टेकडीवरून पावसात उतरणारी माती आणि जेसीबीनं सोललेल्या प्लॉटवरून येणारी माती यांच्या प्रमाणात फार फरक आहे. अमेरिकेच्या पर्यावरण संरक्षण संस्थेनं दिलेला अंदाज असा की, उघड्या बांधकामावरून शेतजमिनीच्या १० ते २० पट आणि जंगलाच्या १,००० ते २,००० पट गाळ वाहतो. आपली जमीन वेगळी, पाऊस वेगळा, म्हणून आकडे जसेच्या तसे घेऊ नका, पण दिशा तीच. हा गाळ ओढ्यातल्या दगडांच्या फटींत बसतो, तिथली माशांची अंडी गुदमरतात, पाण्यात ऊन उतरत नाही. शिवाय माती एकटी जात नाही. सांडलेलं डिझेल, शटरिंगच्या फळ्यांना लावायचं ऑइल तिला चिकटून जातं. नदी सांडपाण्यानं मेली हे तुमचं म्हणणं खरंच आहे. पण आधीच आजारी असलेल्या माणसाला आपण आणखी काही पाजत नाही.

आंबिल ओढ्याबद्दल मी फार जपून लिहिते, कारण २५ सप्टेंबर २०१९च्या त्या रात्री शहरात आणि आसपास वीसहून जास्त माणसं गेली. पूर मुरुमानं आला असं मी म्हटलेलं नाही, म्हणणारही नाही. पाऊस प्रचंड होता आणि ओढ्याचं पात्र जागोजागी आवळलेलं होतं. पण तळ गाळानं वर आलेल्या ओढ्यात त्याच पावसाला जागा कमी मिळते, हे तुम्ही माझ्याइतकंच जाणता. नालेसफाई महापालिकेचं काम आहे, बरोबर. मे महिन्यात त्यांनी गाळ काढायचा आणि जूनमध्ये आपण तो पुन्हा भरायचा, हे मला पटत नाही.

खरं सांगू? मातीपेक्षा मला सिमेंटच्या पांढुरक्या पाण्याची जास्त काळजी वाटते, आणि तुमच्या प्रतिक्रियेत त्याचा उल्लेखच नाही. स्लॅब संपला की ट्रान्झिट मिक्सरचा, म्हणजे काँक्रीट आणणाऱ्या गाडीचा, चालक चूट (काँक्रीट ओतायची पन्हळ) धुतो. मागच्या महिन्यात मी तिथेच उभी होते. पायपातलं पाणी चूटवरून राखाडी होऊन उतरलं, पत्र्याच्या कुंपणाखालून निघालं आणि पावसाळी चेंबरच्या जाळीत गेलं. सगळं मिळून पाच मिनिटं. लिटमसचा तुकडा त्यात बुडवला तर लगेच गडद निळा. सिमेंटच्या ताज्या पाण्याचा सामू (pH) १२ ते १३ असतो, साध्या पाण्याचा ७ च्या आसपास. मासे ९-१०च्या वर तग धरत नाहीत. तुमच्या माणसांचे पाय बघा, बोटांमधली कातडी सिमेंटनं कशी खाल्लेली असते. तेच पाणी ओढ्यात जातं. यावरचा उपाय साधा आहे. एका कोपऱ्यात खड्डा, त्यात जाड प्लास्टिक, आणि धुण्याचं सगळं पाणी त्यात. पाणी आटलं की उरलेलं कडक होतं, ते फोडून राडारोड्याबरोबर पाठवायचं.

अमेरिकेतून उचललंय हा आरोप मला मान्य आहे. एक एकर किंवा त्याहून जास्त जमीन उघडी करायची तर तिथे आधी परवाना लागतो. साइट दर आठवड्याला तपासावी लागते, किंवा दर चौदा दिवसांनी आणि पाव इंच पाऊस पडला की २४ तासांत. चांगली गोष्ट आहे, म्हणून घेतली. आपल्याकडे २०,००० चौरस मीटरच्या वरच्या बांधकामालाच पर्यावरण मंजुरी लागते, त्यामुळे लहान प्लॉटवर हा प्रश्न कुणी विचारतच नाही. तरी कायदा कोरा नाही. १९७४च्या जलप्रदूषण कायद्याच्या कलम २४मध्ये विषारी द्रव्यांबरोबर प्रवाह अडवून प्रदूषण वाढवणाऱ्या वस्तूंचाही उल्लेख आहे. राडारोड्यानं गटारं तुंबू नयेत ही जबाबदारी बांधकामाच्या कचऱ्याबद्दलच्या २०१६च्या नियमांनी तो निर्माण करणाऱ्यावर टाकली. आणि उतारावर पाणी अडवणं आपल्याला कुणी अमेरिकेनं शिकवलेलं नाही. उताराला ताल, म्हणजे आडवा बांध, घालणारा शेतकरी जादा पाणी जायला तिला सांडवाही ठेवतो, नाहीतर ती फुटते. पाणी कुठून जाणार हे आधी बघणं, साइटवर आपण नेमकं तेच विसरतो.

मीही विसरले होते. नोकरीच्या तिसऱ्या वर्षी, उताराच्या एका प्लॉटवर, बेसमेंटच्या खोदाईचा मुरूम मी खालच्या कडेला रचू दिला, कारण डंपरला तिकडून वळायला सोपं होतं. जूनमधल्या एका रात्री पाऊस झाला आणि तो ढीग शेजारच्या सोसायटीच्या जमिनीखालच्या टाकीत उतरला. तीन दिवस आमची माणसं बादल्यांनी गाळ उपसत होती आणि त्या घरांतल्या बायका कळशा घेऊन टँकरपाशी उभ्या होत्या. ढीग वरच्या बाजूला, ताडपत्रीखाली असता तर काहीही झालं नसतं. खर्चाचं म्हणाल तर, ढिगाची जागा निवडायला खर्च नाही. जूनच्या आत जेवढं झाकून होईल तेवढंच उघडायचं, यालाही नाही. उपसा करताना पंपाची पाणी ओढणारी नळी चिखलात न टाकता भोकं पाडलेल्या ड्रममध्ये ठेवायची आणि ड्रमभोवती खडी भरायची, याला एक जुना ड्रम लागतो.

राहिला तुमचा पाच गुंठ्यांचा बंगला. पाच गुंठे म्हणजे साधारण ५०० चौरस मीटर. एका चौरस मीटरवर एक मिलिमीटर पाऊस म्हणजे एक लिटर. २५ मिलिमीटर पाऊस आला तर सगळं मिळून साडेबारा हजार लिटर, त्यातलंही काही मुरतं. म्हणजे चार बाय तीन मीटरचा, जरा मीटरभराहून खोल खड्डा पुरतो. बंगल्याला जमिनीखालची पाण्याची टाकी लागणारच आहे, तिची खोदाई पहिल्यांदा करा आणि पहिला पावसाळा तोच खड्डा गाळ बसवायला वापरा. प्लॉटच्या खालच्या बाजूनं एक चर काढून पाणी या खड्ड्यात आणा. दिवाळीनंतर गाळ काढा, मग टाकीचं काँक्रीट करा. फक्त हे पाणी पुनर्भरणाच्या बोअरमध्ये सोडू नका, गाळानं बोअर कायमची बुजते. आणि टाकीची जागा नकाशात उताराच्या वरच्या कोपऱ्यात दाखवली असेल तर आर्किटेक्टला आत्ताच सांगा, खोदाई सुरू व्हायच्या आधी.